पातागुआलच्या वळणावर मेलेली लेओनोर

माकारेनाला परत जिवंत व्हायचं होतं, आणि पातागुआलचे लोक तिला जिवंत होऊ देत नव्हते. गोष्ट एवढीच आहे. पण गोष्टीतली बाई माकारेना इरासोकी असली की एवढीशी गोष्ट एवढीशी राहत नाही. तिला मेकअप लागतो, दिवे लागतात आणि मागे ट्रे धरून उभं राहायला कुणीतरी लागतं. ट्रे धरणारी ती मी, एर्सिलिया पोब्लेते. माझं नाव कुणाला आठवत नाही, पण चेहरा पाहिला की लोक म्हणतात, "अरे, ही तर ती मोलकरीण!" चिलीच्या टीव्हीवर मी इतक्या घरांतली भांडी घासली आहेत की स्वतःच्या घरातली घासायचा मला मनापासून कंटाळा येतो.

माकारेना हे तिचं खरं नाव नव्हे. ओवाये गावात ती जन्मली तेव्हा ती माक्लोविआ तापिया होती. तिची आई सांतियागोत एका डॉक्टरांच्या घरी राहून घरकाम करायची आणि सुट्टीला गावी यायची. पोरगी मोठी झाली, राजधानीत आली, नाट्यशाळेत शिरली आणि तिथे एकच गोष्ट जीव ओतून शिकली: तोंडात गरम बटाटा धरल्यासारखं बोलायचं. आमच्याकडे श्रीमंत माणसं तशीच बोलतात. मग तिने आडनावही बदललं. आडनावात अवघड अक्षरं जितकी जास्त तितकी जमीन जास्त, असा आमच्या देशाचा समज आहे. त्या हिशेबाने इरासोकी म्हणजे निदान एक टेकडी आणि खालचे दोन मळे.

हे सोंग इतकं पक्कं बसलं की एकदा तिची आई घरी भाजलेला पाव घेऊन स्टुडिओत आली, तेव्हा माकाने आम्हा सगळ्यांसमोर तिची ओळख करून दिली, "या आमच्या घरच्या जुन्या बाई." मी शेजारीच उभी होते. माझ्यापुढे हात करण्याआधी आईने तो स्कर्टला दोनदा पुसला, मग हात मिळवला. पाव फार चांगला होता. माकाने खाल्ला नाही, तिचं डाएट चालू होतं. त्या दिवशी मला तिचा जो राग आला तो पुढे कमी झाला असं मी म्हणणार नाही. पण काम सोबत असलं की माणूस राग बाजूला ठेवून ट्रे उचलतो.

सिनेमातही ती होती, हे तिनेच सगळ्यांना सांगून ठेवलं होतं. एकच चित्रपट, पण तो युरोपातल्या एका महोत्सवाला गेला होता. त्यात ती बिशपच्या मुक्या बहिणीचं काम करायची आणि एकदा खिडकी उघडायची. बस. पण पुढे कुठल्याही मुलाखतीत, विषय भोपळ्याच्या भज्यांचा असला तरी, ती मान किंचित कलती करून म्हणायची, "युरोपात जेव्हा माझं काम पाहिलं गेलं..."

मी एकदा न राहवून म्हटलं, "माका, युरोपने तुझी खिडकी पाहिली."

"तुला कळायचं नाही, एर्सी," ती म्हणाली. "ती खिडकी आतून उघडायची होती."

मग आली लेओनोर. 'द्राक्षमळ्याची मालकीण' या मालिकेतली दुष्ट मालकीण. नवऱ्याला विष घालणारी, सावत्र मुलीचं बाळ पळवणारी, आणि मला, म्हणजे रोसाल्बा नावाच्या मोलकरणीला, दर शुक्रवारी थोबाडीत मारणारी. संध्याकाळच्या चहाला सगळा देश पावावर आवोकाडो थापून टीव्हीसमोर बसायचा आणि तिला शिव्या घालायचा. भाजीबाजारात एका बाईने तिला लेट्यूसचा गड्डा फेकून मारला. माकाने तो घरी नेला आणि आठवडाभर फ्रिजमध्ये जपून ठेवला. तिचं एक वाक्य तर पोराटोरांच्या तोंडी झालं. जेवणाच्या खोलीत शिरताना ती थांबायची आणि हळूच म्हणायची, "मी बसल्याशिवाय या घरात कुणी बसत नाही."

शेवटी मालिकेत तिला मारायचं ठरलं. पातागुआल गावाबाहेर, जिथे रस्ता नदीकडे वळतो, तिथे तिची गाडी दरीत जाते. सगळं गाव चित्रीकरण बघायला आलं होतं. गाडी पडली तेव्हा टाळ्या वाजल्या. मग पुढच्या भागासाठी कलाविभागाच्या पोरांनी त्याच वळणावर आनिमिता उभी केली. रस्त्यात कुणी अपघाताने गेलं की आम्ही त्या जागी बांधतो तसलं कबुतराच्या खुराड्याएवढं घर, वर क्रूस, आत मेणबत्त्या, समोर पाटी: लेओनोर, शांती लाभो. मी तिथे गुडघे टेकून रडले, शॉट झाला, आणि सामान आवरायची वेळ आली.

तेव्हा गंमत झाली. सकाळी स्वतःच्या हाताने ठोकलेला तो क्रूस संध्याकाळी उपटायला एकही पोरगा तयार होईना. "आनिमिता कोण उपटणार?" एकजण म्हणाला. "उपट तू, मग बघ तुझं काय होतं." दिग्दर्शक आलिरो बास्कुन्यान ओरडला, "गाढवांनो, ती प्लायवूडची आहे!" पोरं म्हणाली, "मग तुम्हीच काढा की, साहेब." आलिरो त्या घरापर्यंत गेला, खिशातून लायटर काढून एक विझलेली मेणबत्ती पुन्हा लावली आणि गाडीत जाऊन बसला. हा माणूस पॅरिसमध्ये शिकलेला नास्तिक.

तर ती आनिमिता तिथेच राहिली. पुढे म्हणे एका ट्रकवाल्याचे ब्रेक त्याच वळणावर लागेनासे झाले आणि ऐनवेळी लागले. त्याने मेणबत्ती लावली. मग कुणाची हरवलेली गाय सापडली, कुणाची पोरगी परीक्षेत पास झाली. 'लेओनोरबाई, उपकाराबद्दल आभार' अशा पाट्या लागू लागल्या. जिवंतपणी बाई कशी वागली हे आमच्याकडे कुणी विचारत नाही. रस्त्यात तडफडून मेली ना, मग ती पावणारच.

इकडे सांतियागोत मेलेल्या लेओनोरचं बरं चाललं होतं, जिवंत माकाचं चालेना. ती साठीकडे झुकली आणि चेहरा मात्र चाळिशीकडे ओढून घेऊ लागली. एकदा ओढला, मग पुन्हा ओढला, आणि शेवटी असं झालं की ती हसली आहे की तिला कसला वास आला आहे ते कळेना. कवळी चिकटवायच्या पेस्टची जाहिरात आली, ती केली. नाचाच्या स्पर्धेत पहिल्याच आठवड्यात बाहेर पडली. मग काहीच आलं नाही. न्युन्योआ भागातल्या फ्लॅटमध्ये ती फोन उशाशी घेऊन बसायची आणि मी गेले की म्हणायची, "मी सध्या निवडक काम करते."

आणि मग चॅनेलने 'मालकीण'चा दुसरा भाग काढायचं ठरवलं. लेओनोर मेलीच नव्हती, नदीतून वाहत गेली, मठात लपून राहिली, आता परत येते. रोसाल्बा म्हणून मी होतेच, ते तर न विचारताच ठरलं होतं. माकाने त्या दिवशी मला फोन केला आणि बटाटा तोंडातून काढून ढसाढसा रडली. खोटं कशाला सांगू, मलाही भरून आलं.

पण परत येण्याचा प्रसंग त्याच वळणावर हवा होता, आणि पातागुआलच्या लोकांनी ट्रॅक्टर आडवे घालून रस्ता अडवला. सकाळच्या कार्यक्रमात एक बाई माइकमध्ये सांगत होती, "आमच्या मयताला हात लावायचा नाही." देश हसला, आणि मग निम्मा देश तिच्या बाजूने बोलू लागला. चॅनेल घाबरलं.

आलिरोने आम्हा दोघींना बोलावून घेतलं. "हे बघ माका," तो म्हणाला, "तू स्वतः जा आणि त्यांना पटव. ते हो म्हणाले तर लेओनोर जिवंत. नाही म्हणाले तर ती मेलेली राहील, आणि तिची जुळी बहीण येईल."

"जुळी बहीण मीच करीन."

आलिरोने टेबलाकडे बघितलं. "जुळी बहीण लहान दाखवायची आहे. पस्तिशीची."

"जुळी आणि लहान?"

"तिचं काम एका पोरीने करायचं हे वरून ठरलंय. मी काय करू?"

पातागुआलला माझ्या गाडीने गेलो, कारण तिची गाडी तिने केव्हाच विकली होती. काळा चष्मा, डोक्याला रेशमी रुमाल, हातमोजे. वाटेत ती सारखी विचारत होती, "लोक अंगावर आले तर? एर्सी, तू पुढे हो. दगड मारले तर?" तिला ते हवंच होतं. निदान एक लेट्यूसचा गड्डा तरी.

वळणावर रविवारची गर्दी होती. प्लायवूडचं ते घर आता सिमेंटचं झालं होतं, भोवती गुलाब, ट्रकांच्या नंबरप्लेटा, बाळांचे बूट, कुबड्या. विलोच्या झाडांच्या सावलीत लोक रांगेने गवतावर बसले होते आणि रांगेच्या तोंडाशी खुर्ची टाकून मेणबत्त्या विकत होती तीच, टीव्हीवरची बाई. दोन्या ओतिलिया, म्हणजे ओतिलियाबाई. जाड अंगाची, कपाळावर आठ्या, मांडीवर मांजर.

माका सरळ तिच्यापुढे जाऊन उभी राहिली आणि चष्मा काढला. अगदी सावकाश. मी पाहत होते. तिने शब्दही तयार ठेवले होते.

"रांग तिकडनं हाय, बाई," ओतिलिया म्हणाली.

"तुम्ही मला ओळखलं नाही वाटतं."

"न्हाई बा. तुमी कोन?"

"मी लेओनोर."

ओतिलियाने तिला खालपासून वरपर्यंत पाहिलं. मग समजुतीच्या सुरात म्हणाली, "असू दे. तुमच्यासारख्या येत्यात अधनंमधनं. मागल्या महिन्यात एक आल्ती, ती तर वाइनची बाटली घेऊनच आल्ती. सावलीत बसा, पानी पिता का?"

रांगेतला कुणीतरी म्हणाला, "लेओनोर म्हनं! लेओनोरचं तोंड हलायचं बोलताना."

मी तोंड फिरवलं. हसू दाबायला नव्हे, खरंच नव्हे. बरं, थोडं त्यासाठीही. पण माकाच्या मानेवर लाल चट्टे उठले होते आणि ते मी फार वर्षांत पाहिले नव्हते. ती मागे सरकली. वाटलं, आता गाडीत जाऊन बसणार आणि घरी जाईपर्यंत मला शिव्या देणार. पण ती त्या रांगेच्या कडेने चालत गेली, शेवटच्या माणसापाशी थांबली, वळली, आणि हळूच, जेमतेम ऐकू जाईल इतक्या आवाजात म्हणाली, "मी बसल्याशिवाय या घरात कुणी बसत नाही."

सगळी रांग उभी राहिली.

खरंच सांगते, म्हातारेकोतारे गुडघ्यांना हात देऊन उठले. ओतिलियाही उठली, मांजर खाली पडलं. मीसुद्धा नकळत ट्रे धरायला हात वर केले. चेहऱ्याचं जे काही झालं असेल ते असेल, आवाजाला कुणी सुरी लावली नव्हती.

"आता बसा," माका म्हणाली, आणि स्वतः ओतिलियाच्या खुर्चीत जाऊन बसली.

तिने मुद्द्याचं बोलायला सुरुवात केली. मी जिवंत आहे, मालिका पुन्हा येते आहे, गावाचं नाव होईल. ओतिलियाने सगळं ऐकून घेतलं.

"तुमी जित्त्या हाय म्हन्ता," ती म्हणाली. "पर आमी तुमाला मरताना बगितलं की. समद्या गावानं बगितलं. चांगल्या लाइटी लावल्या व्हत्या."

"ते नाटक होतं, दोन्या ओतिलिया."

"असंल. पर माझी नात वर्षभर चालत नव्हती, ती हितं येऊन चालाया लागली. ते नाटक न्हाई. तुमी मेल्या न्हाई तर तिला पाय कुनी दिले? सांगा की."

तेवढ्यात रांगेतली एक बाई पुढे सरकली आणि माकाच्या पायाशी वाकून म्हणाली, "बाई, जित्त्या असाल तर बरंच झालं. तोंडावर सांगते. माझ्या ल्योकाला ड्रायव्हरचं लायसन मिळू द्या." तिच्यामागे दुसरी आली. मग तिसरा. ओतिलियाने खांदे उडवले. जिवंत व्हायचं तर व्हा, पण मग काम तुम्हीच बघा, असा तिचा चेहरा होता.

माकाला दुसरं काय हवं होतं? इतक्या वर्षांनी लोक तिच्यासाठी रांग लावून उभे होते. तिने पाठ ताठ केली, हातमोजा काढला आणि एकेकाचं ऐकू लागली. द्राक्षांवर कीड पडलीय, "जाईल." जावई दारू पितो, "सोडेल." लायसन, "मिळेल." प्रत्येकाला वेगळी नजर, वेगळा थांबा. तिला असं रंगलेलं मी शेवटचं कधी पाहिलं होतं आठवत नाही. मला किळसही येत होती आणि नजरही हटत नव्हती. मनात म्हटलं, झालं, पटले लोक. उद्या आलिरोला फोन जाईल आणि लेओनोर मठातून बाहेर येईल.

मग एलेउतेरिओ नावाचा म्हातारा पुढे आला. टोपी हातात घेतलेली, सदरा इस्त्रीचा. त्याची बायको जिल्ह्याच्या इस्पितळात पडून होती आणि डोळे उघडत नव्हती.

"डॉक्टर म्हन्तो, बोलवा घरच्यांना," म्हातारा म्हणाला. "मी म्हन्लं, आदी लेओनोरबाईंना इचारतो. तुमी सांगाल तसं. उटंल का ती?"

माकाने तोंड उघडलं. मी वाट पाहिली. "उठेल" एवढा एकच शब्द होता, आणि याहून खोटे शब्द तिने आयुष्यभर हसत म्हटले होते. म्हाताऱ्याने टोपी दुसऱ्या हातात घेतली, रिकामा हात सदऱ्याला पुसला, आणि तो पुढे केला.

माकाची नजर त्या हातावर खिळली. तिने तो हात दोन्ही हातांत घेतला आणि जो आवाज निघाला तो लेओनोरचा नव्हता, इरासोकीचाही नव्हता. थेट ओवायेतून आला होता.

"मला काय बी येत न्हाई, बाबा," ती म्हणाली. "म्या नटी हाय. माजी माय लोकाच्या घरची भांडी घासायची. मला काय ठावं तुमची बाई उटंल का न्हाई."

तिच्या नाकातून पाणी आलं आणि तिने ते मनगटाने पुसलं. रांगेतली पोरं मोबाइल धरून उभी होती.

म्हाताऱ्याने तिच्या हातावर थोपटलं. "ठावं हाय पोरी, तू नटी हायेस. मगाचपासनं समद्यांना ठावं हाय." त्याने आनिमितेकडे बोट केलं. "ती नटी न्हाई."

आणि तो गेला, गुडघे टेकले, मेणबत्ती लावली.

माका उठली. झाडामागे जाऊन तिने आलिरोला फोन लावला. मला ऐकू आलं ते एवढंच, "लेओनोर मेलीय. मी प्रेत बघून आले." त्यात तिचा त्याग किती आणि शेवटचा प्रवेश गाजवायची हौस किती, हे मला आजही सांगता येणार नाही. परत आली तेव्हा तिने चष्मा लावला नव्हता. तिने ओतिलियाकडून एक मेणबत्ती घेतली.

"काय मागायचंय?" ओतिलियाने विचारलं. खुर्ची परत मिळाल्यामुळे ती जरा मऊ झाली होती.

"काम."

"कसलं काम करता?"

"नटी आहे."

"लोक वळखत्यात का?"

माकाने माझ्याकडे पाहिलं. मी डोळ्यांनी म्हटलं, सांग, सांग ना युरोपचं. ती म्हणाली, "नाही. फारसे नाही."

"मग मोठी घ्या," ओतिलिया म्हणाली आणि तिने मेणबत्ती बदलून दिली.

परतीच्या वाटेवर मी थांबून तिला खिमा भरलेला एम्पानादा घेऊन दिला, तो तिने पूर्ण खाल्ला, कागदाला लागलेला रसही चाटला. मला तिची फार कणव आली. मी तिचा हातही धरला. वाटलं, संपली बिचारी. माझं निदान काम तरी आहे.

त्यानंतर आठवडाभराने आलिरोचा मला फोन आला. म्हाताऱ्याचा हात धरून नाक पुसणाऱ्या माकाची ती चित्रफीत देशभर फिरली होती. "हा आवाज हिने इतकी वर्षं दडवला कुठे होता?" आलिरो म्हणाला. मग खाकरला. "एर्सिलिया, तू तर घरचीच आहेस, म्हणून स्पष्ट बोलतो. रोसाल्बा. आम्ही जरा वेगळी करून बघतोय."

रोसाल्बा. मालिकेतली मोलकरीण. माझी रोसाल्बा!

मी फोन ठेवला आणि सांगता येणार नाहीत असे शब्द बोलले. नव्या मालिकेचा पहिला भाग बघायचा नाही असं ठरवलं होतं, पण चहाची वेळ झाली, पाव चिरला आणि हात आपोआप रिमोटकडे गेला. जुळी पण लहान बहीण मळ्यावर येते. ती पोरगी सुंदर आहे, बस. स्वयंपाकघरात म्हातारी रोसाल्बा शेंगा सोलत बसली आहे. मेकअप नाही, माकाचा ओढलेला चेहरा तसाच सोडून दिलेला, आणि कुणाला ठाऊक कसा, तो आयुष्यभर दुसऱ्याच्या घरात तोंड बंद ठेवलेल्या बाईचा चेहरा दिसत होता. नवी मालकीण आत येते. रोसाल्बा उठते. हात पुढे करण्याआधी तो स्कर्टला पुसते. एकदा. मग पुन्हा एकदा.

माझा चहा थंड झाला. इतक्या वर्षांत मी कधी हात पुसला नव्हता. मला सुचलंच नव्हतं.

एलेउतेरिओच्या बायकोने डोळे उघडले, असं ऐकते. लायसनचंही झालं म्हणतात. त्या माक्लोविआचं तर झालंच. तर येत्या रविवारी मी पातागुआलला जाते आहे. ओतिलियाला विचारायचं कारण नाही, मोठीच मेणबत्ती घेईन, आणि ती म्हणेल तशी रांगेत बसेन. लेओनोरबाईंनी मला दर शुक्रवारी थोबाडीत मारलं आहे. आता त्यांनी माझंही एकदा ऐकून घ्यावं.